गाडीच्या पुढच्या कॅमेऱ्यासाठी चिप कशी पारखावी

चालकाला साहाय्य करणाऱ्या प्रणालीसाठी, म्हणजे ज्याला आता सगळेच ‘एडास’ म्हणतात त्यासाठी, प्रतिमा वाचणारी चिप निवडायची वेळ आली की बहुतेकांची नजर डेटाशीटच्या पहिल्या पानावरच्या टॉप्सच्या आकड्यावर जाते. एक टॉप्स म्हणजे सेकंदाला एक लाख कोटी गणिती क्रिया. हा आकडा खोटा नसतो, पण निवडीची सुरुवात त्याच्यापासून करणे चुकीचे आहे, असे माझे ठाम मत आहे. सुरुवात रस्त्यापासून करावी, तिथून पिक्सेलपर्यंत यावे, पिक्सेलचा प्रवास चिपमध्ये कुठून कुठे होतो ते कागदावर मांडावे, आणि टॉप्सचा विचार त्यानंतर करावा. एम्बेडेड क्षेत्रात नव्याने आलेल्या अभियंत्यांना आणि शेवटच्या वर्षाचा प्रकल्प करणाऱ्या विद्यार्थ्यांना ही पद्धत स्वतः करून पाहता यावी, म्हणून येथे एकच उदाहरण धरले आहे. आरशामागे पुढच्या काचेला चिकटवलेला एक कॅमेरा, समोर माणूस आला तर आपोआप ब्रेक लावण्याचे काम, आणि ताशी 100 किमी वेग. चिप म्हणून टेक्सास इन्स्ट्रुमेंट्सची टीडीए4व्हीएम घेतली आहे, कारण तिची कागदपत्रे कोणालाही वाचता येतात आणि बीगलबोन एआय-64 या बोर्डावर ती बसवलेली असल्याने घरच्या टेबलावरही तिच्यावर प्रयोग करता येतात.

रस्त्यापासून पिक्सेलपर्यंत

ताशी 100 किमी म्हणजे सेकंदाला 27.8 मीटर. कोरड्या रस्त्यावर गाडीचा वेग सेकंदाला 6 मीटर प्रतिसेकंद या दराने कमी होतो असे धरले, तर ब्रेक लागल्यापासून थांबेपर्यंत ती सुमारे 64 मीटर जाते. रस्ता ओला असेल आणि हाच दर 4 वर आला, तर हे अंतर जवळपास 97 मीटर होते. कॅमेऱ्याने पाहिल्यापासून ब्रेकचा दाब चढेपर्यंत अर्धा सेकंद गेला असे मानले, तर त्यात आणखी 14 मीटर मिळवावे लागतात. म्हणजे पावसाळ्यात समोरचा माणूस 110 मीटरवर असतानाच प्रणालीला ओळखता आला पाहिजे. कामाचा पहिला आकडा हा आहे, आणि पुढचे सगळे हिशेब त्याच्यावर उभे राहतात.

आता हा माणूस सेन्सरवर केवढा दिसेल ते काढावे. 110 मीटरवरचा, अर्धा मीटर रुंद आणि 1.7 मीटर उंच माणूस सुमारे 0.26 अंश रुंद आणि 0.89 अंश उंच दिसतो. 3840 बाय 2160 पिक्सेलच्या सेन्सरसमोर 120 अंशांची रुंद लेन्स लावली तर एका अंशाला 32 पिक्सेल मिळतात, म्हणजे तो माणूस 8 पिक्सेल रुंद आणि 28 पिक्सेल उंच होतो. तोच सेन्सर 60 अंशांच्या लेन्समागे ठेवला तर 17 बाय 57 पिक्सेल मिळतात. खऱ्या लेन्समध्ये मध्यभागी आणि कडेला हे प्रमाण सारखे नसते, तरी पहिल्या अंदाजासाठी एवढा हिशेब पुरतो. अरुंद लेन्स घेतली तर दूरचे चांगले दिसते, पण चौकात बाजूने शिरणारी दुचाकी चित्राबाहेर राहते. या ओढाताणीमुळेच अनेक उत्पादक पुढच्या बाजूला दोन किंवा तीन कॅमेरे लावतात. इथे लक्षात घ्यायचे ते एवढेच की आठ मेगापिक्सेलचे चित्र चिपला देण्याआधी ते अर्ध्या आकाराचे केले, तर आपण पैसे देऊन विकत घेतलेले अंतर आपल्याच हाताने टाकून देतो. चिप पूर्ण चित्र पेलत नसेल, तर क्षितिजाजवळचा पट्टा पूर्ण तपशिलात आणि बाकीचे चित्र लहान करून असे दोन भाग स्वतंत्रपणे चालवणे हा त्यातला शहाणा मार्ग आहे.

सेन्सरकडून चिपला काय मिळते

गाडीसाठीच्या सेन्सरमध्ये प्रकाशाची फार मोठी तफावत एकाच चित्रात पकडावी लागते. 120 डेसिबल म्हणजे सर्वांत अंधाऱ्या आणि सर्वांत उजळ भागात एकास दहा लाख असे प्रमाण. मुंबई-पुणे द्रुतगती मार्गावरच्या भाताण किंवा माडप बोगद्यातून दुपारी बाहेर पडताना तोंडाशी दिसणारा पांढरा झोत आणि त्याच्या कडेला अंधारात उभा असलेला ट्रक, हे दोन्ही एकाच फ्रेममध्ये वाचता यावेत अशी ही अपेक्षा आहे. सेन्सर त्यासाठी वेगवेगळ्या प्रकाशनाच्या (म्हणजे प्रकाश आत घेण्याच्या वेळेच्या, एक्सपोजरच्या) प्रतिमा एकत्र करून 20 ते 24 बिटांचा पिक्सेल तयार करतो आणि तो बहुधा 12 बिटांत दाबून पाठवतो. चिपमधील प्रतिमा-संस्कारक, म्हणजे आयएसपी, हे दाबलेले पिक्सेल पुन्हा उलगडू शकतो का, आणि आपण निवडलेल्या सेन्सरसाठी त्याचे ट्यूनिंग कोण करून देणार आहे, हे प्रश्न पुरवठादाराला पहिल्याच बैठकीत विचारावेत. या ट्यूनिंगला सहज महिने लागू शकतात, आणि प्रकल्पाच्या वेळापत्रकात मात्र त्याची एकही ओळ नसते.

एलईडी दिव्यांचे लुकलुकणे हा दुसरा मुद्दा. सिग्नलचे आणि गाड्यांचे एलईडी दिवे डोळ्याला सलग दिसत असले तरी प्रत्यक्षात ते वेगाने चालू-बंद होत असतात. भर उन्हात सेन्सरचे प्रकाशन एक मिलिसेकंदाच्याही खाली गेले, तर नेमक्या त्या क्षणी दिवा बंद असू शकतो आणि लाल सिग्नल विझलेला नोंदला जातो. सेकंदाला 90 वेळा लुकलुकणारा दिवा हमखास टिपायचा असेल तर प्रकाशन किमान 11 मिलिसेकंद उघडे राहावे लागते. त्यामुळे ही सोय सेन्सरमध्येच असावी लागते. चिप कितीही ताकदवान असली तरी जे टिपलेच गेले नाही ते तिला परत आणता येत नाही.

आठ मेगापिक्सेल, सेकंदाला 30 फ्रेम आणि 12 बिट यांचा गुणाकार सेकंदाला सुमारे 3 गिगाबिट येतो. जीएमएसएल किंवा एफपीडी-लिंक यांसारख्या जोडण्या हा प्रवाह एका कोअॅक्सियल तारेतून नेतात आणि त्याच तारेतून कॅमेऱ्याला वीजही देतात. काचेमागच्या एकाच डबीत सेन्सर आणि चिप दोन्ही असतील, तर या जोडणीची गरजच पडत नाही.

टॉप्सचा आकडा उलगडून पाहावा

टॉप्सचा आकडा कुठून आला हे स्वतः मोजून पाहण्याची सवय लावून घ्यावी. चित्रातली वस्तू ओळखणाऱ्या न्यूरल नेटवर्कचे, म्हणजे थरांवर थर रचलेल्या गणिती रचनेचे, मुख्य काम गुणाकार करून बेरीज करणे हे असते, आणि चिपमध्ये त्यासाठी गुणाकार-बेरीज एककांची एक जाळी असते. टीडीए4व्हीएममध्ये 64 बाय 64 ची जाळी एक गिगाहर्ट्झवर चालते. प्रत्येक एकक एका ठोक्याला एक गुणाकार आणि एक बेरीज करते, म्हणून 64 गुणिले 64 गुणिले 2 गुणिले एक अब्ज, म्हणजे सुमारे 8 टॉप्स. टेस्लाने 2019 साली जाहीर केलेल्या स्वतःच्या चिपचा हिशेबही असाच जुळतो. 96 बाय 96 ची जाळी, दोन गिगाहर्ट्झ, म्हणजे 36.86 टॉप्स, आणि एका चिपमध्ये अशा दोन जाळ्या. काही उत्पादकांच्या आकड्यात मात्र एक गृहीतक दडलेले असते. एनव्हिडियाच्या जेटसन एजीएक्स ओरिनचा 275 टॉप्स हा आकडा नेटवर्कमधील निम्मे गुणक, म्हणजे प्रशिक्षणातून ठरलेले आकडे, शून्य आहेत असे धरून काढलेला आहे. आपले नेटवर्क तसे छाटलेले नसेल तर तो आकडा आपल्या उपयोगाचा नाही. दोन चिपांची तुलना करताना दोन्ही आकडे 8 बिटांचे आणि भरीव, म्हणजे शून्ये न धरलेल्या, गुणकांचे आहेत याची खात्री केल्याशिवाय ते शेजारी शेजारी लिहूच नयेत.

शिवाय हा आकडा मोठा असल्याशिवाय काम होत नाही असेही नाही. मोबिलआय या जेरुसलेमच्या कंपनीची आयक्यू4 ही चिप 2018 पासून गाड्यांमध्ये येऊ लागली. तिची क्षमता अवघी 2.5 टॉप्स होती आणि तरीही दुसऱ्या पातळीच्या साहाय्याचे (गाडी वेग आणि स्टिअरिंग सांभाळते, पण लक्ष चालकाला ठेवावे लागते) काम तिने असंख्य गाड्यांत केले, कारण तिच्यातले वेगवेगळ्या जातींचे संगणक-गाभे आणि त्यांच्यावर चालणारे सॉफ्टवेअर एकमेकांसाठीच घडवलेले होते.

खरी कोंडी मेमरीत असते

या भागावर वाचकाने सर्वाधिक वेळ द्यावा, कारण कागदावर उत्तम दिसणारी चिप रस्त्यावर अपुरी पडते ती बहुतेक वेळा इथेच.

टीडीए4व्हीएमची बाहेरची एलपीडीडीआर4 मेमरी सेकंदाला 3733 दशलक्ष वेळा डेटा पाठवण्याच्या वेगाने आणि 32 बिटांच्या रुंदीने चालवली तर सेकंदाला जास्तीत जास्त 14.9 गिगाबाइट डेटा देते. गुणाकाराची जाळी सेकंदाला 8 लाख कोटी क्रिया करू शकते. दुसऱ्या आकड्याला पहिल्याने भागले की सुमारे 537 येतात. याचा अर्थ असा की मेमरीतून आणलेल्या किंवा तिथे ठेवलेल्या प्रत्येक बाइटमागे किमान 537 क्रिया होत असतील तरच जाळी पूर्ण वेळ कामात राहील. त्याहून कमी होत असतील तर जाळी मेमरीची वाट पाहत रिकामी बसेल. पाटाला पाणी कमी असेल तर वाफे कितीही मोठे आखले तरी भिजत नाहीत, तसेच हे आहे.

आता एक थर घेऊन मोजू. 3 बाय 3 कन्व्होल्यूशन (चित्रावर 3 बाय 3 ची छोटी खिडकी सरकवत गुणाकार-बेरीज करणे), आत येणाऱ्या 32 वाहिन्या (म्हणजे प्रत्येक बिंदूमागे 32 आकडे), बाहेर जाणाऱ्या 32 वाहिन्या, सगळे 8 बिटांत. चित्राच्या प्रत्येक बिंदूसाठी 9 गुणिले 32 गुणिले 32 गुणिले 2, म्हणजे 18,432 क्रिया होतात. त्याच बिंदूसाठी 32 बाइट वाचावे लागतात आणि 32 बाइट लिहावे लागतात, म्हणजे 64 बाइट. भागाकार 288. या थराचा डेटा प्रत्येक वेळी बाहेरच्या मेमरीतून आणला आणि तिथेच परत ठेवला, तर 8 टॉप्सच्या जाळीतून फार तर 4.3 टॉप्स मिळतील. मोबाइलसाठी बेतलेल्या हलक्या नेटवर्कमध्ये प्रत्येक वाहिनीवर स्वतंत्रपणे चालणारे कन्व्होल्यूशन वापरतात. त्यात त्याच 64 बाइटमागे केवळ 576 क्रिया होतात, म्हणजे बाइटमागे 9. तिथे जाळीचा वापर दोन टक्क्यांच्याही खाली जातो. क्रिया कमी केल्या म्हणून नेटवर्क वेगवान होईल असे समजून असे थर निवडणारे अनेक जण असतात, आणि प्रत्यक्षात वेळ तेवढाच किंवा जास्तच लागला की त्यांना कारण सापडत नाही. कारण या भागाकारात असते.

दुसरी बाजू साठ्याची. पहिल्या थरानंतर चित्र निम्म्या लांबी-रुंदीचे, म्हणजे 1920 बाय 1080 झाले आणि त्याला 32 वाहिन्या असल्या, तर त्या एका थराचे उत्तर 66 मेगाबाइटचे होते. चिपमधील सामायिक मेमरी आहे 8 मेगाबाइट. म्हणजे ते उत्तर बाहेर लिहावे लागणार आणि पुढच्या थरासाठी परत वाचावे लागणार. सेकंदाला 30 फ्रेम धरल्या तर या एकाच थरामागे सुमारे 4 गिगाबाइट प्रतिसेकंद खर्च झाले, आणि एकूण बँडविड्थचा (मेमरीच्या वहनक्षमतेचा) चौथ्या हिश्श्याहून अधिक भाग संपला. टेस्लाने प्रत्येक जाळीशेजारी 32 मेगाबाइटची मेमरी चिपमध्येच बसवली, ती हा खर्च टाळण्यासाठीच.

उपाय असा की चित्र आडव्या पट्ट्यांमध्ये कापावे आणि एकेक पट्टा सलग तीन-चार थरांतून नेऊन मगच बाहेर लिहावा. वरील उदाहरणात एका ओळीला 61 हजार बाइट लागतात, म्हणजे 8 मेगाबाइटमध्ये शंभराहून अधिक ओळी मावतात, आणि 3 बाय 3 च्या कन्व्होल्यूशनला एका वेळी लागतात फक्त तीन ओळी. पट्ट्यांच्या सीमेवरच्या काही ओळी दोनदा मोजाव्या लागतात, पण तो तोटा सोसण्यासारखा आहे. हे काम चिपच्या कंपायलरने (नेटवर्कचे चिपच्या आज्ञांत रूपांतर करणाऱ्या सॉफ्टवेअरने) आपोआप करायला हवे. तो खरोखर करतो की नाही, हे कंपायलरच्या अहवालात प्रत्येक थरामागे बाहेरच्या मेमरीची वाहतूक किती झाली ते पाहून ठरवावे. असा अहवालच न देणारा साधनसंच मी तरी स्वीकारणार नाही.

हेही ध्यानात घ्यावे की 14.9 गिगाबाइट ही कमाल मर्यादा आहे. मेमरीचे ताजेतवाने होणे, पत्ते बदलताना जाणारा वेळ, त्याच मेमरीत साठवलेले त्रुटी-दुरुस्तीचे बिट, आयएसपीने लिहिलेल्या प्रतिमा आणि लिनक्सची स्वतःची कामे, हे सगळे त्याच साठ्यातून उचलतात. सुरुवातीच्या हिशेबात कमाल मर्यादेचा साठ टक्के भागच आपल्या हाती आहे असे धरावे आणि नंतर प्रत्यक्ष मोजून सुधारावे.

स्वतःचे नेटवर्क चालवून पाहावे

पुरवठादार दाखवतो ते नमुना नेटवर्क त्याच्या चिपसाठी घासूनपुसून ठेवलेले असते. आपले नेटवर्क, आपल्या चित्राच्या आकारात, आपल्या बोर्डावर चालवल्याशिवाय निर्णय घेऊ नये. कंपायलरने किती थर जाळीवर टाकले आणि किती एआरएमच्या साध्या, सर्वसाधारण कामांच्या गाभ्यांकडे परत पाठवले, ही यादी आधी पाहावी. एखादी अपरिचित क्रिया मध्येच साध्या गाभ्यावर गेली तर डेटाच्या ने-आणीतच कित्येक मिलिसेकंद जातात, आणि अशा दोन-तीन क्रिया सगळा वेग खाऊन टाकू शकतात.

32 बिटांचे गुणक 8 बिटांत आणताना अचूकता थोडी उतरते. ती एकूण सरासरीत मोजली तर घट किरकोळ दिसते. म्हणून ती अंतराच्या टप्प्यांनुसार वेगळी मोजावी: 30 मीटरपर्यंत, 30 ते 70, 70 ते 110. घट साधारणपणे शेवटच्या टप्प्यात, 8-10 पिक्सेलच्या माणसांवर एकवटलेली असते, आणि आपली सगळी आकडेमोड तर त्या माणसासाठीच सुरू झाली होती. तसे आढळले तर काही संवेदनशील थर 16 बिटांत ठेवावेत, किंवा 8 बिटांचे बंधन गृहीत धरूनच नेटवर्कचे पुन्हा प्रशिक्षण करावे.

चाचणीची चित्रे आपल्या रस्त्यांची असावीत. जर्मन शहरांत टिपलेल्या चित्रांवर उत्तम गुण मिळवणारे नेटवर्क रिक्षा, हातगाडी आणि रस्त्याच्या कडेची मातीची पट्टी पाहून गोंधळते. हैदराबादच्या ट्रिपल आयटीने प्रसिद्ध केलेल्या इंडिया ड्रायव्हिंग डेटासेटमध्ये हैदराबाद आणि बंगळूर परिसरातल्या 182 फेऱ्यांमधली सुमारे 10,000 चित्रे 34 वर्गांत खुणा करून दिलेली आहेत. त्यात रिक्षा आणि जनावरे यांना वेगळे वर्ग आहेत, आणि डांबराबाहेरच्या पण गाडी जाऊ शकेल अशा जागेलाही. सुरुवात तिथून करावी आणि त्यात आपली पावसाची आणि रात्रीची चित्रे मिळवावीत. मागचे दिवे बंद असलेला ट्रेलर आणि विरुद्ध दिशेने येणारी दुचाकी ही दोन दृश्ये मुद्दाम गोळा करावीत.

प्रकाशापासून ब्रेकपर्यंतचा वेळ

सेकंदाला किती फ्रेम होतात यावरून उशीर कळत नाही. तीन फ्रेम एकाच वेळी वेगवेगळ्या टप्प्यांत असतील तर वेग 30 फ्रेमचा दिसेल, पण उत्तर मात्र 100 मिलिसेकंद उशिरा येईल, आणि तेवढ्यात गाडी 2.8 मीटर पुढे गेलेली असेल. म्हणून सेन्सरच्या पहिल्या ओळीवर वेळेची खूण मारावी, ब्रेकचा संदेश कॅन बसवर (गाडीतल्या भागांना जोडणाऱ्या संदेशवाहिनीवर) पडतो त्या क्षणी दुसरी मारावी, आणि या दोघांमधील अंतर हजारो फ्रेमसाठी नोंदवावे. सरासरीपेक्षा सर्वांत वाईट फ्रेम महत्त्वाची असते. सेन्सर ओळीमागून ओळ पाठवत असताना पूर्ण फ्रेमची वाट न पाहता आयएसपीने काम सुरू केले, तर जवळपास एका फ्रेमचा वेळ वाचतो. चिपला हे जमते का, हे विचारण्यासारखे आहे.

वस्तू एकदा दिसली की लगेच ब्रेक लावत नाहीत. दोन-चार फ्रेम तिचा माग काढून खात्री केली जाते, आणि उशिराचा मोठा वाटा इथे असतो. मार्च 2018 मध्ये अमेरिकेतील टेम्पी येथे उबरच्या चाचणी गाडीने सायकल ढकलत रस्ता ओलांडणाऱ्या महिलेला धडक दिली. अमेरिकी वाहतूक सुरक्षा मंडळाच्या तपासात असे दिसले की प्रणालीला ती धडकेच्या 5.6 सेकंद आधीच आढळली होती, पण तिचे वर्गीकरण वाहन, अन्य वस्तू, सायकल असे बदलत राहिले आणि प्रत्येक बदलाबरोबर तिच्या आधीच्या हालचालीचा इतिहास पुसला गेला. गणनाशक्ती कितीही असली तरी ही त्रुटी भरून निघाली नसती. म्हणूनच चिपची चाचणी करताना फक्त ओळखणाऱ्या नेटवर्कवर थांबू नये, तर माग काढणारा भागही सोबत चालवावा, कारण तो साध्या गाभ्यांवर चालतो आणि गर्दीच्या रस्त्यावर वस्तूंची संख्या वाढली की त्याचा वेळ वाढत जातो.

उष्णता आणि सुरक्षितता

काचेमागच्या डबीला पंखा नसतो, आणि मे महिन्यात उन्हात उभ्या गाडीची ती सर्वांत तापलेली जागा असते. डबीतली हवा 85 अंशांवर आहे, चिप 5 वॅट घेते आणि प्रत्येक वॅटमागे तिचे तापमान 6 अंश चढते असे धरले, तर आतले तापमान 115 अंश होते. 125 ची मर्यादा तिथून फार दूर नाही. मोठ्या टॉप्सच्या चिपा या डबीत मावत नाहीत त्या याच कारणाने, आणि मग त्यांना वेगळी, कधी कधी पाण्याने थंड केलेली पेटी द्यावी लागते. एईसी-क्यू100 या वाहनांसाठीच्या चिपांच्या चाचणी-मानकाच्या दुसऱ्या श्रेणीची, म्हणजे उणे 40 ते 105 अंशांची, चिप घ्यावी आणि उष्ण कक्षात तासभर चालवून तिने स्वतःचा वेग कमी केला का ते पाहावे.

सुरक्षिततेसाठी आयएसओ 26262 हे मानक पाहावे. त्यात ए ते डी अशा चार पातळ्या आहेत, डी सर्वांत कडक. चिपच्या माहितीपत्रकावर ‘बी’ किंवा ‘डी’ असे लिहिलेले असते, पण ते संपूर्ण चिपसाठी आहे की तिच्यातल्या एका बेटासाठी, म्हणजे स्वतंत्र ठेवलेल्या भागासाठी, हे सुरक्षा-पुस्तिकेतच कळते. टीडीए4व्हीएममध्ये लॉकस्टेपमध्ये चालू शकणारी आर5एफ गाभ्यांची जोडी वेगळ्या बेटावर आहे. दोन्ही गाभे तीच आज्ञा पाळतात आणि उत्तरे जुळली नाहीत तर चूक उघड होते. पुस्तिकेतील ‘वापराची गृहीतके’ हा भाग शब्दन् शब्द वाचावा, कारण बाहेरचा वॉचडॉग (चिप अडकली तर ते ओळखणारे सर्किट), विजेच्या दाबावर देखरेख आणि ठरावीक वेळाने करायची स्वचाचणी या जबाबदाऱ्या तिथे आपल्यावर सोपवलेल्या असतात. चिप बिघडलेली नसतानाही धुक्यात माणूस दिसला नाही, तर तो प्रश्न 2022 च्या आयएसओ 21448 या मानकात येतो, आणि त्याची तयारी वरच्या चित्रसंग्रहापासूनच करावी लागते.

इतके झाल्यावर एकच तक्ता करावा. त्यात आपले नेटवर्क, आपला सेन्सर, थरांनुसार मेमरीची वाहतूक, अंतराच्या टप्प्यांनुसार अचूकता, सर्वांत वाईट उशीर आणि तापलेल्या स्थितीतील वॅट हे सगळे नोंदवावे. साधनसंचाची प्रत्येक नवी आवृत्ती आली की हा तक्ता पुन्हा भरावा, कारण कंपायलर बदलला की एखाद्या थराची जागा बदलते, आणि चिप तीच असूनही आकडे तेच राहत नाहीत.